कात्री धरणारी बाई

चित्रपट सुरू होताना पडद्यावर नावं सरकत जातात. नट-नट्या, गीतं, संगीत, छायालेखन. आणि मग केव्हातरी, आपण अंधारात खुर्ची चाचपत असतो तेव्हा, ‘संकलन’ असं लिहिलेलं एक नाव येऊन निघून जातं. शब्द ओळखीचा आहे. संकलन म्हणजे गोळा करणं. लोकगीतांचं संकलन असतं, ओव्यांचं असतं, पाककृतींचंही असतं. चित्रपटाच्या संकलकाचं निम्मं काम मात्र नेमकं याच्या उलट असतं. तो टाकून देतो. सुपात धान्य घेऊन पाखडणारी बाई आठवा. तिच्याकडे पाहणाऱ्याला उडणारं फोलपट दिसतं, तिची नजर मात्र खाली उरणाऱ्या दाण्यावर असते. संकलनाच्या टेबलावर माझं उभं आयुष्य गेलं, आधी फिल्मवर आणि मग संगणकावर, आणि या कामाला यापेक्षा जवळची उपमा मला अजून सापडलेली नाही.

त्यातही माहितीपटाचा संकलक हा आणखी वेगळा प्राणी. कथापटाच्या संकलकापुढे लिहिलेली पटकथा असते. नायक दारातून आत येणार, हे कागदावर ठरलेलं असतं. तो कुठल्या क्षणी आत आला तर बरं दिसेल, एवढंच त्याने ठरवायचं. माहितीपटात कागद बहुधा नसतोच. कॅमेरामन महिनोन्‌महिने फिरून येतो आणि डबेच्या डबे टेबलावर आणून ठेवतो. त्यात गोष्ट आहे की नाही, असली तर ती कुठे सुरू होते, हे त्या खोलीत बसूनच शोधायचं असतं. म्हणजे खरं तर लेखकाचंच काम. पण त्याला लेखक कुणी म्हणत नाही. आपल्यापैकी अनेकांनी थिएटरात मुख्य चित्रपटाआधी फिल्म्स डिव्हिजनचे माहितीपट पाहिले असतील, निदान ते संपेपर्यंत बाहेर चहा तरी घेतला असेल. १९४८ साली सुरू झालेली आणि २०२२ साली राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झालेली ही संस्था. तिच्या हजारो पटांपैकी एकाच्या तरी संकलकाचं नाव सांगता येईल का? मी या धंद्यातला असून मलाही आठवावं लागतं.

म्हणून आज मी तुम्हाला एका संकलक बाईची हकिगत सांगणार आहे. ती आपल्याकडची नाही, रशियातली आहे. तिचं नाव येलिझावेता स्विलोवा.

तिचा जन्म १९०० सालचा, मॉस्कोतला. वडील रेल्वेत कामगार. बाराव्या वर्षी ती फिल्म धुण्याच्या प्रयोगशाळेत उमेदवारीला लागली. काम काय, तर फिल्म पुसायची, तुकडे वेगळे करायचे, निगेटिव्ह निवडायच्या. चौदाव्या वर्षी पाथे या फ्रेंच कंपनीच्या मॉस्कोतल्या शाखेत तिला संकलनाची मदतनीस म्हणून घेतलं. त्या काळी हे काम जगभर बायकांकडेच असे. बोटं नाजूक असतात, शिवणकामाची सवय असते, असं कारण दिलं जाई. पगार कमी द्यावा लागतो, हे दुसरं कारण बोललं जात नसे.

याच सुमाराला आपल्याकडे काय चाललं होतं, बघा. १९१३ साली दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ आला. त्या काळात कच्च्या फिल्मला कडेची भोकंसुद्धा हातानं पाडावी लागत, आणि तीही अंधारात. ते काम सरस्वतीबाई फाळके करत. रसायनं कालवणं, फिल्म धुणं, तुकडे जोडणं हेही त्या शिकल्या. वर कंपनीतल्या माणसांचा स्वयंपाक होताच. मॉस्कोतली ती मुलगी आणि आपल्या सरस्वतीबाई यांना एकमेकींची काही खबर असण्याचं कारण नाही. पण दोघींच्या बोटांना एकाच फिल्मचा वास येत असणार.

१९१७ साली रशियात क्रांती झाली. राजवट बदलली तशा चित्रपट कंपन्याही सरकारी झाल्या. स्विलोवा सरकारी चित्रपट विभागात संकलन करू लागली. तिथे एक तऱ्हेवाईक तरुण वावरत होता. मूळ नाव डेव्हिड कॉफमन, पण स्वतःला झिगा व्हेर्तोव्ह म्हणवून घेणारा. त्याचं म्हणणं असं, की नाटक, नट, कथा, पटकथा या सगळ्याला फाटा द्यावा. रस्त्यावर, कारखान्यात, बाजारात जे घडतं तेच टिपावं आणि खरी निर्मिती करावी ती संकलनात. त्याने एका लढाईच्या पटासाठी फिल्मचे अगदी छोटे छोटे तुकडे, कुठे दहा चौकटींचा, कुठे पाच चौकटींचा, असे लावून जोडायला दिले. चित्रपटात एका सेकंदाला सोळा ते चोवीस चौकटी जातात, म्हणजे पाच चौकटी हा डोळ्याच्या पापणीएवढा वेळ. जोडणाऱ्या बाईला वाटलं, हा कचरा आहे. तिने तो केराच्या टोपलीत टाकून दिला. व्हेर्तोव्ह हताश झाला. तेव्हा त्याच्या म्हणण्यात काही अर्थ आहे असं मानून त्याच्याबरोबर काम करायला पुढे आली ती स्विलोवा, असं सांगतात.

गोष्ट थोडी रंगवलेली असेलही. पण तिच्यातला गाभा मला खरा वाटतो. पाच चौकटींचा तुकडा लावा असं सांगणं सोपं असतं. ते तुकडे कात्रीने कापायचे, कडेचा लेप खरवडायचा, डिंकासारखं द्रावण लावून दाबून धरायचं, आणि असे शेकडो जोड एकामागून एक करायचे. शिवाय त्या काळची फिल्म नायट्रेटची. एक ठिणगी पडली तर खोलीच पेटायची. संकलनाची यंत्रं आजच्यासारखी नव्हती. मागून प्रकाश सोडलेल्या काचेवर फिल्म धरून, निव्वळ डोळ्यांनी अंदाज घ्यायचा. पडद्यावर तो तुकडा किती वेळ दिसेल हे हातातल्या लांबीवरून कळावं लागे. हे हाताला कळायला वर्षं लागतात, आणि तिने बाराव्या वर्षापासून तेच केलं होतं. व्हेर्तोव्हच्या जाहीरनाम्यांवर पुस्तकंच्या पुस्तकं लिहिली गेली. त्या जाहीरनाम्यांना पाय मिळाले ते या बाईमुळे, असं माझं मत आहे.

पुढे दोघांनी लग्न केलं. व्हेर्तोव्ह, स्विलोवा आणि व्हेर्तोव्हचा भाऊ मिखाईल कॉफमन, जो उत्तम कॅमेरामन होता, अशा तिघांनी मिळून ‘तिघांचं मंडळ’ स्थापन केलं. १९२२ ते १९२५ या काळात ‘किनो-प्राव्दा’ नावाच्या वृत्तपटमालेचे तेवीस अंक त्यांच्याकडून निघाले. किनो-प्राव्दा म्हणजे ‘चित्रपट-सत्य’. पुढे १९६०च्या सुमाराला फ्रान्समध्ये ‘सिनेमा व्हेरिते’ हा शब्द रुळला, तो याच नावाचा फ्रेंच अवतार.

आणि मग १९२९ साली आला ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’. मूकपट, ६८ मिनिटांचा. प्रसंगांच्या मधे लिखित पाट्या येत नाहीत, कथा नाही, नट नाही. मॉस्को, किव्ह, ओडेसा अशा शहरांचा मिळून एक दिवस, आणि त्या दिवसात कॅमेरा घेऊन हिंडणारा एक माणूस. सतराशेच्या वर तुकडे जोडून हा पट बनला आहे. ‘साइट अँड साउंड’ या ब्रिटिश मासिकाने २०१४ साली जगभरच्या समीक्षकांचा आणि दिग्दर्शकांचा कौल घेतला, तेव्हा आजवरचा सर्वश्रेष्ठ माहितीपट म्हणून याचंच नाव पहिलं आलं.

यात एक जागा अशी आहे, की आम्ही संकलक मंडळी ती पुन्हा पुन्हा पाहतो. एका घोडागाडीतून काही बायका चालल्या आहेत. शेजारून मोटारीत उभा राहून कॅमेरामन त्यांना टिपतो आहे. घोडा दौडतो आहे. आणि एकाएकी तो घोडा थबकतो. पाय हवेतच. चित्र गोठतं. मग गाडीतल्या बाईचा चेहरा गोठतो, रस्ता गोठतो, डोक्याला रुमाल बांधलेली एक म्हातारी, काही लहान मुलं, सगळे स्थिर. आणि मग दिसते ती फिल्मची पट्टी, जिच्या एका चौकटीत तेच मूल बसलं आहे. ती पट्टी कुणाच्या तरी हातात आहे. ते हात स्विलोवाचे.

पुढे आपल्याला तिची खोली दिसते. फळीवर फिल्मची भेंडोळी रांगेनं लावली आहेत, त्यांवर विषयांच्या चिठ्ठ्या: कारखाना, बाजार असं काही. उजेडाच्या काचेवर ती एक पट्टी धरते, निरखते, कात्रीनं कापते, नंबर टाकते, गुंडाळी करून ठेवते. कपाळावर आठी नाही, चेहऱ्यावर अभिनय नाही. भाजी निवडणाऱ्या बाईच्या चेहऱ्यावर जेवढं लक्ष असतं तेवढंच. आणि मग ती भेंडोळं फिरवते आणि त्या चौकटीतलं मूल हसतं. म्हातारी मान हलवते. घोडा पुन्हा धावू लागतो.

संकलन म्हणजे काय, हे समजावून सांगताना मी पूर्वी नवशिक्या मुलांपुढे तासभर बोलत असे. पुढे नुसती ही दोन-तीन मिनिटं दाखवू लागलो. माझ्या माहितीत याआधीच्या कुठल्याही चित्रपटाने आपल्या संकलकाला प्रत्यक्ष काम करताना असं मध्यभागी आणून बसवलेलं नाही. तिच्यानंतर लगेच पडद्यावर येते लग्नाच्या नोंदणीची कचेरी, मग घटस्फोटाची नोंद, मग थडग्यावर रडणारी बाई, अंत्ययात्रा, बाळंतपण. जणू ती खोलीतली बाई एकेक भेंडोळं फळीवरून काढते आहे आणि माणसांची आयुष्यं सुटी होऊन धावताहेत. चित्रपटाच्या शेवटीही, वेग इतका वाढतो की काही ओळखता येऊ नये, तेव्हा अधूनमधून दिसत राहतात ते स्विलोवाचे डोळे.

आता याच चित्रपटाची नामावळी बघा. प्रयोगाचा लेखक आणि सूत्रधार, झिगा व्हेर्तोव्ह. मुख्य कॅमेरामन, मिखाईल कॉफमन. आणि स्विलोवा? संकलनाची सहायक. ज्या पटात तिचे हात दिसतात, त्यातच तिला सहायक म्हटलं आहे. व्हेर्तोव्ह वाईट माणूस नव्हता. तो स्वतःला मुख्य संकलक समजत असे, आणि एका अर्थी ते खरंही होतं. पण टेबलावर बसलेलं माणूस नुसतं सांगितलेलं करत नसतं. तुकडा दोन चौकटींनी लांबवायचा की नाही, या प्रश्नाचं उत्तर दुसऱ्या खोलीतून देता येत नाही. तुलनेसाठी सांगतो, १९६९ साली अमेरिकेत दारोदार बायबल विकणाऱ्या फेरीवाल्यांवर ‘सेल्समन’ नावाचा माहितीपट आला. मेझल्स बंधूंचा. त्यांनी संकलक शार्लट झ्वेरिन हिचं नाव आपल्या बरोबरीनं दिग्दर्शक म्हणून घातलं. मधे चाळीस वर्षं गेली होती.

तिच्या कारकिर्दीचा यापुढचा भाग कमी सांगितला जातो. तो मला जास्त महत्त्वाचा वाटतो.

१९३४ साली लेनिनच्या मृत्यूला दहा वर्षं झाली, त्या निमित्ताने ‘लेनिनबद्दलची तीन गाणी’ हा पट आला. त्यासाठी स्विलोवा जुन्या फिल्मच्या साठ्यांत शोध घेत बसली आणि लेनिनची तोवर कुणाच्या ध्यानात न आलेली दहा दृश्यं तिने शोधून काढली. खुद्द व्हेर्तोव्हने हे श्रेय तिला दिलं आहे. पण वारं फिरलं होतं. राज्यकर्त्यांना आता प्रयोग नको होते. व्हेर्तोव्हची कामं एकामागून एक नाकारली जाऊ लागली. स्विलोवा मात्र स्वतंत्रपणे काम करू लागली आणि तिला कामं मिळत राहिली. घरात एक नामवंत दिग्दर्शक रिकामा बसलेला, आणि त्याची ‘सहायक’ रोज स्टुडिओत जाते आहे, असं ते चित्र.

मग युद्ध आलं. २७ जानेवारी १९४५ रोजी सोव्हिएत फौजा ऑशविट्झच्या छळछावणीत शिरल्या. त्यांच्याबरोबर आणि मागून कॅमेरामन आले. त्यांनी जे टिपलं ते आजही जगभर दाखवलं जातं: काटेरी तारांच्या दोन कुंपणांमधून चालणारी मुलं, बाही वर करून हातावर गोंदलेला नंबर दाखवणारी चिमुकली मुलं, चपलांचे ढीग, चष्म्यांचे ढीग, केसांची पोती. या फिल्मवरून ‘ओस्वेन्त्सिम’ हा माहितीपट तयार झाला. तो तयार केला स्विलोवाने.

जरा विचार करा. बाराव्या वर्षापासून फिल्मचे तुकडे हाताळलेली ही बाई. त्या टेबलावर तिच्यापुढे आता हे तुकडे आले. प्रेक्षकाला एखादं दृश्य पाच सेकंद दिसतं, तो मान फिरवू शकतो. संकलकाला तसं करता येत नाही. त्याला तेच दृश्य चाळीस वेळा, पन्नास वेळा, पुढे-मागे करून, एकेक चौकट थांबवून पाहावं लागतं. लहान मुलाचा हात किती सेकंद दाखवायचा? कमी दाखवला तर नंबर वाचता येत नाही. जास्त दाखवला तर पाहणाऱ्याला तमाशा वाटू लागतो. हे कुठल्याही पुस्तकात लिहिलेलं नसतं. मीही भूकंपाच्या, पुराच्या चित्रणावर काम केलेलं आहे. पण त्याची या कामाशी बरोबरी होऊ शकत नाही, हे मला ठाऊक आहे.

युद्धानंतर न्यूरेंबर्ग इथे नाझी पुढाऱ्यांवर खटला चालला. १९ फेब्रुवारी १९४६ रोजी सोव्हिएत सरकारी पक्षाने न्यायालयात एक पट दाखवला. छळाच्या जागांवर केलेलं चित्रण त्यात एकत्र केलं होतं, ऑशविट्झची दृश्यंही होती. फिल्म तिथे बातमी म्हणून आली नव्हती, पुरावा म्हणून आली होती. पुरावा म्हटला की कात्रीवर वेगळीच जबाबदारी येते, कारण प्रत्येक जोड हा संशयाला जागा देतो. त्या खटल्यावर रोमान कार्मेन यांनी जो सोव्हिएत माहितीपट केला, ‘राष्ट्रांचं न्यायासन’ अशा अर्थाच्या नावाचा, त्यात सहदिग्दर्शक म्हणून स्विलोवाचं नाव आहे. त्याच वर्षी ‘बर्लिन’ या युद्धविषयक पटाच्या कामाबद्दल तिला स्टालिन पारितोषिक मिळालं.

इथे एक गोष्ट लपवून चालणार नाही. ती सरकारी स्टुडिओत काम करत होती आणि सरकारला जे नको ते तिच्या पटांत नाही. ऑशविट्झमध्ये मारले गेलेले बहुसंख्य लोक ज्यू होते. सोव्हिएत पटांत मात्र ही ओळख पुसट करून ‘निरनिराळ्या देशांचे नागरिक’ असं बोललं गेलं. डोळ्यांनी दिसणारं खरं, पण त्यावरचं नाव बदललेलं. माहितीपटाच्या संकलकाला खोटं चित्र जोडावंच लागतं असं नाही. खऱ्या चित्राशेजारचा एक शब्द गाळला तरी पुरतं.

व्हेर्तोव्हची अखेरची दहा वर्षं वृत्तपटांचे किरकोळ अंक जुळवण्यात गेली. १९४९ साली त्याच्यावर जाहीर टीकेची झोड उठली. १९५४ साली तो वारला, तेव्हा त्याचं नाव जवळपास पुसलं गेलं होतं. पुढे थोड्याच वर्षांत स्विलोवा निवृत्त झाली आणि तिने नवीन काम हाती घेतलं. नवऱ्याच्या वह्या, टिपणं, नाकारलेल्या योजनांचे कागद, पोस्टर, फिल्मचे तुकडे सगळं तिने जपलं होतंच. आता ती ते लावायला बसली. वर्गवारी, तारखा, नंबर. फळीवर भेंडोळी लावावीत तसंच. १९६६ साली त्याच्या लेखांचं आणि रोजनिशीचं पुस्तक मॉस्कोत निघालं. १९८४ साली त्याचं इंग्रजी भाषांतर झालं. काही कागद आणि वस्तू तिने व्हिएन्नातल्या ऑस्ट्रियन फिल्म म्युझियमकडे सोपवल्या, बाकीचे मॉस्कोच्या सरकारी संग्रहात आहेत. आज व्हेर्तोव्हबद्दल जगात जे काही लिहिलं-बोललं जातं, त्यातलं बरंचसं या दोन ठिकाणच्या खोक्यांतून येतं. मला वाटतं, हे तिचं सर्वांत लांबीचं संकलन.

आणि तिथेही कात्री होतीच. ‘लेनिनबद्दलची तीन गाणी’ हा पट १९३८ साली बदलून त्यात स्टालिनची भर घालावी लागली होती. १९७० साली लेनिनच्या जन्मशताब्दीला तो पुन्हा बाहेर काढला, तेव्हा स्टालिनला वगळण्यात आलं. ही नवी आवृत्ती तयार करणाऱ्या तिघांत स्विलोवा होती, सत्तर वर्षांची. एक पट, तीन काळ, तीन रूपं. आणि १९३४ सालचं मूळ रूप आज कुठेच शिल्लक नाही. ती त्या टेबलावर बसून नको असलेलं काढत होती, की आपलं जुनं काम परत मिळवत होती? मला विचाराल तर दोन्ही, आणि म्हणूनच ही आवृत्ती पाहताना मी पुरता खूष होऊ शकत नाही. १९७५ साली तिचं निधन झालं.

‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’ची हकिगत मात्र जरा बरी आहे. व्हेर्तोव्ह १९३१ साली युरोपच्या दौऱ्यावर असताना एक संपूर्ण प्रत नेदरलँड्समध्ये ठेवून आला होता. इतर अनेक प्रतींत मागाहून ध्वनीची पट्टी बसवण्यासाठी चित्राची डावी कड कापली गेली होती. अॅमस्टरडॅमच्या त्या प्रतीत ती शाबूत होती. तिच्यावरून २०१४ साली चित्रपट नव्याने दुरुस्त झाला. इंटरनेटवर तो सापडतो. बघायला बसलात तर पहिल्या वीस-पंचवीस मिनिटांनंतर घोडागाडीची वाट पाहा. घोडा थांबला की समोर येणारे हात नीट बघा. नामावळीत अजूनही सहायकच लिहिलेलं आहे.